छातीवरचं भोक
सर ऑस्बर्ट फ्रान्सच्या लढाईतून पळाले, ही कुजबुज त्यांना पुरल्यावरही थांबली नव्हती. फिरत्या नाटकमंडळीनं त्यांच्यावर खेळ बसवायला घेतला, तेव्हा लेकीनं पेटीतून वडिलांचा चिलखतावरचा झगा स्वतःहून काढून दिला. त्यावर पुढेमागे सारखाच बगळा भरलेला होता, आणि छातीवर बाणाचं भोक. “हे सगळ्यांना दिसू दे,” ती सरांचं काम करणाऱ्या नटाला म्हणाली. “पळणाऱ्याला बाण छातीत लागत नाही.” “दिसेल की, बाईसाहेब!” अंगणाकडे पाठ करून त्यानं घाईघाईनं झगा चढवला. तिला छातीवर भोक दिसेना; ते पाठीवर गेलं होतं. तालीम बघायला जमलेल्यांतून आरोळी आली, “पळा सरदार, पळा! फ्रेंच आले!” अंगण खदखदून हसलं. “उलटा घातलात,” ती म्हणाली. “फिरवून घाला.” नट हशाकडे कान देऊन उभा होता. मग त्यानं दोन पावलं पळून दाखवलं. हशा दुप्पट झाला. “असाच राहू दे, बाईसाहेब.”