उन्हातली खुर्ची

गल्लीच्या वळणावरच आन्सेल्मोने स्टिअरिंगवरून मान उंचावली. जागा राहिली असेल का?

पहाटेच फावड्याने बर्फ उपसून त्याने घरापुढे गाडीपुरती जमीन मोकळी केली होती आणि मधोमध स्वयंपाकघरातली खुर्ची ठेवली होती. एसटीच्या सीटवर रुमाल टाकावा, तशी या गल्लीची खुर्ची. ज्याने उपसलं, त्याची जागा. पण हल्ली नवी माणसं आली होती, देशोदेशीची. त्यांना हे कोण सांगणार? जागा गेली, तर खुब्याचं ऑपरेशन करून दवाखान्यातून घरी येणाऱ्या बायकोला, ओतिलियाला, दोन गल्ल्या बर्फावरून चालवत आणायचं कसं?

ओतिलिया शेजारी शालीत तोंड लपवून बसली होती. "अगदी दाराशी उतरव मला. वॉकर धरून चालताना कुणी बघायला नको."

"कोण बघतंय, म्हातारे! सगळे कामावर."

जागा होती. खुर्चीही होती. खुर्चीवर एक म्हातारी बसली होती, गोधडी पांघरून, उन्हाकडे तोंड करून.

आन्सेल्मो गाडी जागेसमोर रस्त्यातच थांबवून खाली उतरला. वरच्या खिडकीतून पोलिश बोझेना ओरडली, "कोपऱ्यावरच्या रोहिंग्यांची आजी आहे, गुलबहार! एक पिकअपवाला हॉर्न मारून मारून थकला, बाई जागची हलेल तर शपथ! सुनेला विचारलं मी. म्हणे, सासूबाईंना वाटलं, म्हाताऱ्यांना ऊन खायला गल्लीनेच मांडलीय खुर्ची!"

आन्सेल्मोने हसत खूण केली. उठा, आजी.

गुलबहार उठली. पण तिची नजर गाडीच्या काचेवर होती, शालीतल्या त्या तोंडावर. ओढणीच्या टोकाने तिने खुर्ची पुसली, गाडीच्या दाराशी सरकवली आणि तिच्यावर थोपटत आपल्या बोलीत काहीतरी म्हणाली.

"नको, नको," आन्सेल्मो म्हणाला. "तिला घरात न्यायचंय."

ओतिलियाने दार उघडलं. गुलबहारचा दंड धरून, कण्हत, ती खुर्चीवर टेकली. शाल खाली ओढली. ऊन तोंडावर आलं तसे तिने डोळे मिटले.

"म्हातारे, अगं, गाडी कुठे लावू?"

"लाव कुठेही," डोळे न उघडता ती म्हणाली. "आणि ही बिचारी उभी का? पाहुण्याला बसायला दे की काहीतरी."

मागे हॉर्न वाजू लागले. गाडी तशीच रस्त्यात सोडून आन्सेल्मो दुसरी खुर्ची आणायला घरात गेला.