दहा बदामांवरची पट्टी

पडद्यावरचा गवंडी दुसऱ्या मजल्यावरून पडला, आणि खुर्चीतल्या गवंड्याने माउस बाजूला ढकलला. तो भिंतीकडे तोंड करून पडून राहिला तो दोन दिवस. जेवायला तेवढा उठायचा.

त्याची बायको शिंपीण. शाळेचे गणवेश शिवायची. हातातलं काज अर्धवट टाकून ती त्याच्या पाठीकडे बघत बसली. चार महिन्यांपूर्वी तो खरोखरच्या परांचीवरून पडला होता. हाड जुळलं, कामावर जायला हरकत नाही असं डॉक्टरांनीही सांगितलं, पण शिडीच्या तिसऱ्या पायरीवर त्याचे पाय लटपटायला लागायचे. महिनाभर वाट बघतो, नंतर दुसरा माणूस घेतो, असं कंत्राटदाराने स्वच्छ सांगितलं होतं. वेळ जावा म्हणून वसतिगृहातल्या लेकीने जुन्या कॉम्प्युटरवर हा विटा रचायचा खेळ घालून दिला होता. झालं भलतंच.

तिने लेकीला फोन लावला.

"आई, तो खरा खेळ चालू असेल. त्यात पडलं की जीव जातो आणि वरचे दोन मजले ढासळतात. तू मोकळा खेळ लाव. त्यात कितीही वरून पडलं तरी काही होत नाही. विटाही संपत नाहीत."

"त्यांना चालायचं नाही गं. लुटुपुटूचं काम नको म्हणतात."

"मग सांगूच नकोस. फक्त खाली जिवाचे दहा लाल बदाम असतात ना, ते मोकळ्या खेळात दिसत नाहीत. तेवढं त्यांच्या लक्षात येईल."

शिंपिणीने मोकळा खेळ लावला आणि मापं लिहायच्या कागदाची लांब पट्टी कापली. तिच्यावर 'सकाळी गोळी, दुपारी मलम, झोपताना गोळी' असं ठळक लिहिलं आणि पडद्याच्या खालच्या कडेवर चिकटवून टाकली. घाईत जरा तिरकीच बसली.

"हे काय?" गवंड्याने विचारलं.

"तुम्ही गोळी विसरता. डोळ्यांसमोर राहील. आणि बसा जरा खेळायला, असं किती दिवस पडून राहणार?"

तो पट्टीकडे बघत राहिला. मग खुर्ची ओढून बसला.

विटा संपत नाहीत हे त्याला कळेल, अशी तिला धास्ती होती. पण जन्मभर त्याला विटा खालूनच पोचत आलेल्या; वरचा माणूस मोजतो कुठे? चौथ्या दिवशी त्याने विचारलंच, तेव्हा ती म्हणाली, "मी सकाळी भरून ठेवते."

"बरी बिगारी मिळाली," तो म्हणाला, आणि कित्येक दिवसांनी हसला.

रोज सकाळी तो उठायच्या आत ती बघून घ्यायची. मोकळा खेळ चालूच असायचा. मग तो खेळायला बसला की ती मशिनीवरून एक डोळा पडद्याकडे ठेवायची. मनोरा चढत होता. एकदा तिच्यादेखत तो पाचव्या मजल्यावरून पडला. तिने मशिनीचं चाक हाताने थांबवलं.

"बघ," तो तिच्याकडे वळून म्हणाला, "काही झालं नाही." आणि पुन्हा चढू लागला.

दुपारी दोनला ती गणवेश घेऊन दुकानात जायची, पाचला परतायची. तेव्हा त्याचा चहा तसाच गार झालेला असायचा आणि सदरा पाठीला चिकटलेला. पंखा लावत जा म्हणून ती रोज करवादायची. कधी कधी मनोरा सकाळपेक्षा बुटका दिसायचा.

"सकाळी सहा मजले होते ना?"

"मनासारखं नव्हतं. पाडलं."

गवंडीच तो. त्याच्या घरात वाकडं काही राहायचं नाही. आठवड्याभराने तिच्या लक्षात आलं की औषधांची पट्टीसुद्धा आता ओळंबा लावल्यासारखी सरळ झाली आहे. तिला हसू आलं.

रविवारी जेवताना तो सहज म्हणाला, "कंत्राटदाराला फोन केला. उद्यापासून जातो. सातवा मजला आहे."

तिने हातातला घास परत ताटात ठेवला. इतके दिवस हेच तर मागत होती ती. पण याची भीती मोडली होती ती खोट्या खेळात, आणि तो खोटेपणा तिनेच शिवला होता. सातव्या मजल्यावर कोण पट्टी चिकटवणार होतं? रात्रभर ती सांगायचं ठरवत राहिली, पण सकाळी थापी नि ओळंबा पिशवीत भरताना त्याचा चेहरा बघितला आणि नुसता डबा पुढे केला.

"येतो गं," म्हणून तो गेला.

दहा मिनिटं तिने कशीबशी काढली. मग फोन उचलला. कंत्राटदाराला सांगायचं, आजचा दिवस त्यांना खालीच ठेवा. पण का, म्हणून विचारलं तर? बायकोने नवऱ्याला फसवलं म्हणून? तिला स्वतःचाच इतका राग आला की तिने ती पट्टी एका झटक्यात उपटली.

कॉम्प्युटर चालूच होता. मनोरा आभाळात गेलेला. आणि कडेला, पट्टी होती तिथे, दहाच्या दहा लाल बदाम ओळीने उभे होते.

तिने हातातली पट्टी उलटी केली. मागे गवंड्याच्या जाड पेन्सिलीने लिहिलं होतं, 'दुपारी पडलो'. खाली एकेका वाराच्या पुढे उभ्या रेघा होत्या. पहिल्या दिवशी चौदा, मग अकरा, मग नऊ. पाच. दोन. दोन. एक.

परवाच्या शनिवारपुढे एकही रेघ नव्हती.