कळशीतला कॅमेरामन

"काका, ही बाई सरकारी कॅमेऱ्यासाठी मुद्दाम हसलीय, असं निवेदनात म्हटलंय," शर्वरी म्हणाली. बहात्तरच्या दुष्काळावरचा माहितीपट ती जोडत होती.

पडद्यावर, तिच्या शेजारी बसलेल्या भागवत तिडके यांची माय खडी फोडता फोडता थांबून हसत होती. चित्र सारखं हलत होतं.

"माय कुणी सांगून हसणारी नव्हती," तिडके म्हणाले.

मायशेजारी घासलेली पितळी कळशी होती. शर्वरीने पडद्यावर त्या कळशीला बोट लावलं. चकचकीत वस्तूतलं प्रतिबिंब उलगडून संगणक आता कॅमेऱ्यामागचं दृश्यही दाखवू शकत होता. हसायला सांगणारा साहेब सापडला की वाद मिटला, असं तिला वाटत होतं.

कळशीवरचा डाग पसरला, सरळ झाला. साहेब नव्हताच. एकटा कॅमेरामन उभा होता. उजव्या हातात कॅमेरा, आणि डाव्या कडेवर आठ-नऊ महिन्यांचं पोर.

"पोराच्या गळ्यातला ताईत बघा. अजून घरी जपून ठेवलाय मी." तिडके पडद्याजवळ सरकले. "माय माझ्याकडं बघून हसतीय."

त्यांनी पडद्याला हात जोडले. "ह्यांचं नाव काय हो?"

"नोंद नाही, काका."

"असू द्या. माझ्या मायला घडीभर मोकळं केलं त्यांनी."

शर्वरीने निवेदनातलं ते वाक्य खोडलं. मग चित्र स्थिर करायला सवयीने तिचा हात पुढे गेला.

"राहू द्या, ताई," तिडके म्हणाले. "ते मीच हलवतोय."