अंबाजीची जबानी

मुंबईच्या एका शेठच्या मोटारीनं भाजे गावच्या हौशीराम आबांना उडवलं. डोक्यावर गवताचा भारा घेऊन ते लोणावळ्याच्या टांगेवाल्यांकडे निघाले होते. ते जागीच गेले. चूक ड्रायव्हरची होती, हे शेठलाही मान्य होतं. पण एवढ्या म्हाताऱ्या माणसाच्या जाण्यानं घरच्यांचं नुकसान ते काय झालं, असा त्याच्या वकिलाचा सवाल होता.

आबांचा मुलगा अंबाजी तर गावभर सांगत फिरायचा, "म्हातारा आयतं खातोय. मीच पोसतोय त्याला." आबांच्या कानावर जायचं, तरी ते भारा उचलून वाटेला लागायचे.

भरपाईच्या दाव्याच्या सुनावणीआधी अंबाजीच्या वकिलांनी, गंगाधरपंतांनी, त्याला बजावलं, "तू वडिलांना पोसत होतास म्हणालास, तर भरपाई मिळायची नाही. त्यांच्या कमाईवर घर चालायचं, असं सांग."

वडगावच्या कोर्टात अंबाजी उभा राहिला.

"आबा रोज गवत इकायचे. त्यावरच आमची चूल पेटायची. माझी बायकू बाळंतपणात आजारी पडली, तवा डागदरबी त्यांनीच आणला. मी नुसता..."

शेठच्या वकिलानं उलटतपासणी घेतलीच नाही.

बाहेर आल्यावर गंगाधरपंतांनी त्याची पाठ थोपटली. "शाबास! खोटं बोललास, पण अगदी खऱ्यासारखं."

अंबाजीला त्यांच्याकडे बघवेना.



"न्हाई वकीलसायेब, हितं खरंच बोललो. खोटं गावात बोलत व्हतो."