झाकण

लकव्याने वाचा गेल्यापासून आजोबांना काही हवं असलं की ते काठीने पलंग ठोकत, आणि ती देवाचीच हाक समजून सूनबाई हातातलं काम टाकून धावायची. आज मात्र नातीने पाकातल्या पॉपकॉर्नचा हट्ट धरला होता. सूनबाईने पातेल्यात लोणी, साखर आणि मक्याचे दाणे घातले, गॅस पेटवला, वर झाकण ठेवलं आणि पाठमोरी होऊन ताटाला लोणी फासायला घेतलं.

ठक... ठक ठक...

"आई, फुटायला लागले!"

"झाकणाला हात लावशील तर बघ! आवाज पूर्ण थांबला की मगच उघडायचं."

आवाज भराभर वाढला, मग विरळ झाला. बऱ्याच वेळाने एकच ठक झालं आणि सगळं शांत झालं.

"आई, पण वास कसा नाही आला गं?"

"तुझं नाक चोंदलंय, चिमणाबाई," असं म्हणत सूनबाईने हसतच झाकण उचललं.



सिलिंडर केव्हाच संपला होता. पातेलं गार होतं, आणि त्यातला एकही दाणा फुटला नव्हता.