कॅमेऱ्याच्या अलीकडे

मालिकेचा शेवटचा भाग अर्ध्यावर आला, तरी हिल्डा पडद्यावर यायचं नाव घेईना.

हॅलिफॅक्सच्या त्या छोट्याशा घरात तिच्या बहिणीने, मर्टलने, मांसाचं सारण भरलेला पोर्क पाय कापून ठेवला होता, शेरीची बाटली काढली होती आणि शेजारच्या क्लेगसाहेबांना मुद्दाम बोलावून आणलं होतं. हिल्डा गार्साइडने आयुष्यभर नर्सा, घरमालकिणी आणि खुनाची बातमी ऐकून कप पाडणाऱ्या शेजारणी अशा छोट्या भूमिका केल्या. या वेळी तिच्या नर्सला एक अख्खा प्रसंग होता. मर्टलने ते गल्लीभर केलं होतं.

हॉस्पिटल आलं. हिल्डा खुर्चीत पुढे सरकली. खोलीचं दार दिसलं, आणि नर्स आत यायच्या आधीच प्रसंग पुढे सरकला.

"कापलं की गं तुला," मर्टल म्हणाली. "मेल्यांनी सबंध कापलं."

"खरीच नर्स झाला असतात, तर असं कुणी कापलं नसतं," क्लेगसाहेब म्हणाले.

हिल्डा हसली, पण तिला वाईट वाटलंच. या गोष्टीची सवय म्हणून होत नाही.

पडद्यावर म्हातारा बाप शेवटचं बोलत होता. मग ऐकणाऱ्या मुलीचा चेहरा पडदाभर झाला. नटी अगदी नवखी होती. ती रडली नाही, रडू आवरत राहिली, आणि मर्टलचेच डोळे भरून आले. क्लेगसाहेबांनी हातातला पोर्क पायचा तुकडा खाली ठेवला.

"कशी बघतेय बापाकडे," मर्टल नाक पुसत म्हणाली.

"बाप कुठला तिथे? स्वतःचं झाल्याबरोबर गाडीत बसून गेला घरी," हिल्डा म्हणाली. "खरं तर समोरच्याचा चेहरा टिपतात तेव्हा आपण कॅमेऱ्याशेजारी बसून आपली वाक्यं म्हणायची असतात. पण मोठ्या माणसांना कुठला वेळ? मग एक बाई कागदावरून वाचायला लागली, बसचं वेळापत्रक वाचावं तसं. पोरीला काही केल्या जमेना. दिग्दर्शक सारखा घड्याळ बघत होता."

"आणि तू?"

"माझं काम संपलं होतं. कोट घातला होता मी." हिल्डाने शेरीचा घोट घेतला. "काढला परत. खोक्यावर बसले आणि म्हटली बापाची वाक्यं. पहिल्याच खेपेला झालं बघ तिचं."

मर्टल कधी पडद्याकडे, कधी बहिणीकडे बघू लागली.

"म्हणजे ती बघतेय ती..."

"माझ्याकडे," हिल्डा म्हणाली आणि संध्याकाळभरात पहिल्यांदा खुर्चीत ऐसपैस टेकून बसली.

क्लेगसाहेबांनी चष्मा लावला. ते उठून टीव्हीजवळ गेले आणि काचेला नाक लावून त्या मुलीच्या डोळ्यांत हिल्डाला शोधू लागले.