सो आजीची चप्पल

पाक-हिन पदरमोड करून हाँगकाँगमधल्या जुन्या कारागिरांवर माहितीपट काढायचा. माहजाँगच्या सोंगट्या कोरणाऱ्याचं शूटिंग झालं आणि महिन्याभरात त्याचं दुकान बंद पडलं. मग कागदी कंदीलवाल्याचं, मग पदार्थ वाफवायच्या बांबूच्या करंड्या विणणाऱ्याचं. आता कॅमेरा दिसला की गल्लीतली शटरं खाली यायची.

त्यामुळे उड्डाणपुलाखाली बसणारी सो आजी पहिल्याच शब्दाला तयार झाली, तेव्हा त्याला जरा संशयच आला. गिऱ्हाइकाला छळणाऱ्या माणसाचं नाव कागदी बाहुल्यावर लिहून त्याला जुन्या चपलेनं बडवायचं, हा आजीचा चाळीस वर्षांचा धंदा.

"आजी, तुम्हाला माझी भीती नाही वाटत?"

"मला रे कसली? उलट आज बरा आलास. अख्ख्या गल्लीनं मिळून एकच बाहुला दिलाय बडवायला. असा जवळ ये, तुझ्या कॅमेऱ्याला नीट दिसू दे."

पाक-हिननं कॅमेरा बाहुल्याच्या छातीपर्यंत नेला आणि त्याचा हात तिथंच थांबला.

 

"नाव बरोबर लिहिलंय ना रे, पोरा?" चप्पल उगारत आजीनं मायेनं विचारलं.